लिनोवरचा चेहरा आणि कोपऱ्यातली पट्टी

उत्तर इंग्लंडमध्ये मी चित्रसंवर्धनाचं काम करते. या कामाबद्दल लोकांना सहसा माहीत नसलेली गोष्ट म्हणजे, जुन्या तैलचित्रावरची धूळ-काजळी काढायला आम्ही पुष्कळदा स्वतःची थुंकी वापरतो. बांबूच्या काडीला कापूस गुंडाळायचा, जिभेला लावायचा आणि चित्रावर हलकेच फिरवायचा. लाळेतली पाचकद्रव्यं जे करतात, ते बाटलीतल्या रसायनांना दर वेळी जमत नाही. बाकी सगळा दिवस भिंगाखाली मान मोडून बसण्यात जातो.

मागच्या हिवाळ्यात एक बाई आजोबांचं व्यक्तिचित्र घेऊन आल्या. आजोबा व्हिएन्नाचे दंतवैद्य, ज्यू, 1938 नंतर इंग्लंडला निसटलेले. चित्र ना कॅनव्हासवर, ना लाकडावर. ते होतं लिनोलियमच्या, म्हणजे घरातल्या जमिनीवर अंथरायच्या जाड आवरणाच्या, तुकड्यावर. मागे तागाचं अस्तर, दोन कडा चाकूने कापलेल्या, दोन हाताने फाडलेल्या. बाईंना एवढंच ठाऊक होतं की ते आयल ऑफ मॅनवर, म्हणजे इंग्लंड आणि आयर्लंडमधल्या बेटावर, हचिन्सन छावणीत रंगवलं गेलं.

ही छावणी म्हणजे डग्लस गावातल्या एका चौकाभोवतीची, पाहुण्यांना भाड्याने द्यायची घरं. जुलै 1940 मध्ये त्यांना काटेरी तारेचं कुंपण घातलं आणि आत जर्मन-ऑस्ट्रियन पुरुष कोंडले. बहुतेक सगळे हिटलरपासूनच पळून आलेले. सरकारी न्यायमंडळांनी आधी यातल्या बहुतेकांना निर्धोक ठरवलं होतं. फ्रान्स पडलं आणि घाबरलेल्या सरकारने त्यांनाही उचललं. (आपल्याकडे अहमदनगर आणि देवळालीतही अशा छावण्या होत्या. तिथे नाझी समर्थक आणि नाझींपासून पळालेले, दोघेही इंग्रजांच्या लेखी शत्रुराष्ट्राचे नागरिक.) हे मला आजही संतापजनक वाटतं. ज्यांची चित्रं नाझींनी 1937 मध्ये म्युनिकला ‘अधःपतित कला’ म्हणून टिंगलीसाठी टांगली, त्यांनाच इथे शत्रू म्हणून तारेमागे घातलं.

त्यातला सर्वात नावाजलेला चित्रकार कुर्ट श्विटर्स. हॅनोव्हरचा, कचऱ्यातल्या तिकिटा-कागदांतून चित्रं घडवणारा. 1937 मध्ये तो नॉर्वेला गेला, 1940 मध्ये जर्मन फौजा तिथेही आल्यावर स्कॉटलंडला पळाला आणि काही तात्पुरत्या छावण्यांतून हचिन्सनला पोचला. छावणीत रंग नाहीत, कॅनव्हास नाही. लोक विटेची भुकटी सार्डिनच्या तेलात कालवायचे. श्विटर्सने उरलेल्या ओटच्या लापशीची शिल्पं केली, त्यांना बुरशी आली. जमिनीवरचं लिनो उपटून त्यावर कोणी ठसे कोरले आणि कपडे पिळायच्या यंत्रातून छापले, कोणी त्यावर रंगवलं. सोबतच्या बंद्यांची, ओळखू येतील अशी साधी व्यक्तिचित्रं काढून श्विटर्स चार पैसे मिळवत असे. ड्रेस्डेनच्या अकादमीत शिकलेला हात तो, त्याला ते सहज जमायचं.

आता लिनोबद्दल जरा सविस्तर सांगते, कारण सगळी अडचण तिथेच होती. लिनो म्हणजे जवसाचं तेल हवेवर घट्ट होऊ द्यायचं, त्यात राळ, बुचाचा चुरा आणि लाकडाची भुकटी मळायची आणि तागाच्या कापडावर लाटायचं. ताग बंगालचा. जवसही तेव्हा हिंदुस्थानातून विलायतेला जायचं. तैलरंगही जवसाच्याच तेलातले. म्हणजे रंग आणि त्याखालचा आधार एकाच तेलाचे. रंग विरघळवू शकणारं जवळजवळ प्रत्येक द्रावण लिनोलाही फुगवतं. अल्कधर्मी पाण्याने तर लिनोचा साबणच होऊ लागतो. नेहमीच्या निम्म्या बाटल्या मला आधीच कपाटात ठेवाव्या लागल्या.

तिरपा प्रकाश टाकला तेव्हा दिसलं की गालाखालून खुर्चीच्या पायाचा गोल खड्डा वर आलाय. डाव्या बाजूचे रंगाचे पापुद्रे सुटत होते, उजवी बाजू मात्र ठणठणीत. कितीतरी वेळ कारण कळेना. मग एका सुटल्या पापुद्र्याच्या खालून सुईने कण काढला, तो मेणाचा निघाला. जमिनीला लावायचं पॉलिश! घरमालकिणीने वर्षानुवर्षं घासलेलं. जिथे पाहुण्यांच्या पायांनी ते झिजलं होतं तिथे रंग घट्ट बसला, आणि भिंतीलगत जिथे कुणाचा पाय पडला नव्हता तिथे मेणावरून तो सुटला. दंतवैद्याच्या चेहऱ्याचा कुठला भाग टिकावा हे सुट्टीवर आलेल्या लोकांच्या चपला-बुटांनी ठरवलं होतं. भिंगाखाली हे उलगडलं तेव्हा मी शेजारच्या सहकाऱ्याला ओढून आणलं.

पापुद्रे चिकटवायला माशाच्या वाताशयाचा सरस माझा भरवशाचा. पण मेणावर त्याचा थेंब होतो, तो पसरत नाही. उष्ण सुरी टेकवावी तर मेण वितळणार. शेवटी अ‍ॅक्रिलिकचं अगदी पातळ मिश्रण बारीक कुंचल्याने कडेकडेने सोडलं आणि रेशमी कागदावर छोटी वजनं ठेवली. गाल बसला. खड्डा तसाच ठेवला.

खरी कुरबुर इथून पुढे सुरू झाली. अतिनील दिव्याखाली उजव्या खालच्या कोपऱ्यात बोटभर रुंदीची काळी पट्टी दिसली, नंतर कुणीतरी लावलेला तैलरंग. सही नेमकी तिथेच असायची शक्यता. बाईंच्या ओळखीच्या एका कलाव्यापाऱ्याला हे समजलं आणि तो आलाच. छावणी, लिनो, व्यक्तिचित्र, म्हणजे श्विटर्सच, ती पट्टी काढा, असं त्याचं म्हणणं. मी सांगितलं, या रंगाला विरघळवेल ते द्रावण खालच्या मूळ रंगालाही सोडणार नाही आणि लिनोही फुगेल. क्ष-किरणांत लिनोतल्या भुकट्यांनी सगळं धूसर आलं. अवरक्त छायाचित्रात खालचा तळ गडद असल्याने काही सुटं दिसलं नाही. तो म्हणाला, धोका पत्करा, नाव निघालं तर नुकसान भरून येईल.

मला हे ऐकून फार वाईट वाटलं. या व्यवसायातली ही खोड मला कधीच मान्य होणार नाही. हचिन्सनमध्ये इतरही चित्रकार होते: लुडविग माइडनर होता, एरिश कान होता, हेलमुट वायसेनबोर्न होता, ज्याने रात्री उजेड बाहेर दिसू नये म्हणून निळ्या रंगवलेल्या खिडक्यांच्या काचांवर चित्रं कोरली. शिवाय ज्यांची नावं कुठल्याच यादीत नाहीत असेही होते. नाझींनी त्यांच्याकडून देश, गिऱ्हाईक, भिंती सगळं काढून घेतलं. आणि आज आपण त्यांच्या हातच्या चित्राकडे पाहून एकच विचारायचं, श्विटर्स आहे का? नसेल तर परत गुंडाळा?

माझ्या मते हे श्विटर्सचं नाही. डोळ्यांभोवतीचा रंग फार सावध, थांबत-थांबत लावलेला आहे, आणि चित्रातले हात मात्र घाईत रंगवलेले. हे मत मी अहवालात लिहिलं नाही, कारण मताला पुरावा लागतो. लिहिलं ते असं: अज्ञात चित्रकार, हचिन्सन छावणी, 1940-41, सही असल्यास नंतरच्या रंगाखाली.

बाईंनी माझं ऐकलं. पट्टी राहिली, मागचं तागाचं अस्तर न धुता पारदर्शक पत्र्याआड ठेवलं. तरीही ती पट्टी माझ्या डोक्यातून जात नाही. व्यापारी चुकीच्या कारणासाठी बोलत होता, पण तिथे खरंच कुणाचं नाव असेल तर ते झाकून ठेवण्यात मीही सामील आहे. ज्या माणसाचं सगळं गेलं त्याची सहीसुद्धा मी पुढच्या कुणाच्या तरी यंत्रावर सोडून दिली. बाई आता आजोबांनी छावणीतून आजीला लिहिलेली पत्रं लावून पाहताहेत, त्या घरात आणखी कोण राहत होतं याचा शोध घ्यायला. काही सापडलं तर कळवणार आहेत.