पावागडचे वाफारे: कुठे दिसतात आणि कुठे मुळीच नाही

आधी कामाचं सांगतो. पावागडावर माचीला पहाटे कुणी ‘ढगातला बाबा दाखवतो’ म्हणत जवळ आला तर त्याच्याकडे न बघता पायऱ्या चढायला लागा. आम्ही तसं केलं नाही. म्हणून आज माझा उजवा गुडघा सुजलाय आणि आठशे रुपये गेलेत.

हे खूळ भाच्याचं. तो फाइन आर्ट्सला आहे आणि त्याने वहीत एक अख्खी जमात वसवली आहे: वाफारे. हाडं नाहीत, नुसती वाफ आणि वारा. राहतात ढगात, खातात दव. स्वतःचं तोंड नसल्यामुळे बघणाऱ्याचंच रूप घेतात, पण ताडमाड होऊन. डोक्याभोवती रंगीत कडं. मी म्हटलं, आपल्याकडे पुराणात एकोणपन्नास मरुत आहेत, ते पुरत नाहीत का तुला? तर म्हणाला, सोळाव्या शतकात पॅरासेल्सस नावाच्या युरोपातल्या वैद्याने हवेतल्या जीवांना सिल्फ म्हटलं, तेव्हा त्याला कुणी विचारलं होतं का? निरुत्तर झालो. त्यात वर्गातल्या कुणीतरी त्याला सांगितलं की असलं काहीतरी श्रावणात पावागडावर खरंच दिसतं.

बडोद्याच्या दांडिया बाजारातून पहाटे साडेतीनला गाडी काढली. हालोलमार्गे पन्नासेक किलोमीटर, रस्ता चांगला.

पायथ्याला एक जीपवाला आडवा आला. “काका, आज गाडी ऊपर नही जवा देता.” गुजराती-हिंदीची ही खिचडी ऐकूनच शहाणं व्हायला हवं होतं. श्रावणातला रविवार, गर्दीला गाड्या थांबवत असतील, असं मीच माझं समजून घेतलं. गाडी खाली लावली, दोघांचे पाचशे मोजले. माचीला उतरलो तर समोर लोकांच्या गाड्या ओळीने उभ्या! बंदोबस्तावरच्या पोलिसाला एक प्रश्न विचारला असता तर पाचशे वाचले असते. तुम्ही विचारा.

रोपवे वाऱ्यामुळे बंद होता. पावसाळ्यात हे चालायचंच, त्याच्या भरवशावर वेळ ठरवू नका. जीपवाल्याचा ‘भाई’ तिथे तयारच होता. तीनशे रुपये, “शॉर्टकट छे, बाबा पण बतावीश.”

आता हा शॉर्टकट. पायऱ्या सोडून डावीकडे पडक्या तटाच्या दगडांतून वर जातो. दगड गुळगुळीत, त्यावर बोटभर शेवाळ, मधे काटेरी झुडपं आणि पाय ठेवावा तो दगड डुगडुगणारा. माझी टॉर्च कपाळावर. धुक्यात कपाळावरची टॉर्च लावली की डोळ्यांसमोर नुसती पांढरी भिंत उभी राहते, हे मला पंचेचाळीस वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं. टॉर्च हातात, कमरेखाली धरायची, मग जमीन दिसते. हे कळेपर्यंत मी दोनदा बसलो होतो, दुसऱ्यांदा गुडघ्यावर. एकदा बूट दोन दगडांच्या फटीत असा अडकला की भाच्याने आधी नाडी सोडली, मग मला ओढलं, मग बूट. पाऊण तास गेला. शेवटी तो भाई एकदम थांबला, हात जोडले आणि पुढे बोट दाखवलं. धुक्यात काहीतरी पांढरं हलत होतं. जवळ गेलो तर बांबूला बांधलेलं फडकं! मागे वळलो तर भाई गायब. पैसे आधीच दिलेले.

इतक्यासाठी लिहितोय, त्या वाटेला जाऊ नका. ट्रेकिंगची सवय असली तरी नको. पायऱ्या हजारांच्या घरात आहेत, दम काढतात, पण पायाखाली सरळ आहेत.

चडफडत पुन्हा पायऱ्यांवर आलो आणि सातच्या सुमारास वर पश्चिमेकडच्या कडेला पोहोचलो. गड सुमारे ८०० मीटर उंच आणि सपाट मुलखात एकटाच, त्यामुळे ढग खाली पसरलेला. मी गुडघा चोळत बसलो होतो. पाठीमागून ऊन आलं आणि भाचा किंचाळला.

खाली ढगात माणूस उभा होता. लांबच लांब पाय, बारीक डोकं, डोक्याभोवती गोल कडं: बाहेरून तांबडं, आत निळसर. भाच्याने हात वर केला.
“मामा, त्याने पण केला!”
“कुठे केला? मी तर गुडघा धरून बसलोय.”
“अहो, कडंवाला बघा ना.”
“कडं माझ्या डोक्याला आहे. तुझ्या डोक्याला काही नाही.”
“माझ्याच आहे!”
दोघंही खरं बोलत होतो. हे इंद्रवज्र. हरिश्चंद्रगडाच्या कोकणकड्यावर कर्नल साईक्स या इंग्रज अधिकाऱ्याला दिसलेलं, ट्रेकर मंडळी अजून सांगतात तेच. ढगातल्या बारीक थेंबांतून प्रकाश सूर्याच्या दिशेने उलटा परततो, म्हणून कडं नेमकं बघणाऱ्याच्या स्वतःच्या सावलीभोवती पडतं. शेजाऱ्याची सावली दिसते, पण त्याचं कडं फक्त त्यालाच. चारेक मिनिटं टिकलं. गुडघ्याचं मी तेवढा वेळ विसरलो, हे कबूल.

तर सूर्य पाठीशी, ढग समोर आणि आपल्याहून खाली, हे तिन्ही एकदम जमायला हवं. सूर्य वर चढला की सावली ढगाऐवजी डोंगरावरच पडते, म्हणून आठच्या आत जागेवर असा. कडेला गवत ओलं असतं, बसून बघा. तुम्ही ढगात असाल तर काही दिसणार नाही, फडकी सोडून. आणि एवढं चालायचंच नसेल तर विमानात सूर्याच्या उलट बाजूची खिडकी घ्या, खालच्या ढगावर विमानाच्या सावलीभोवती हेच कडं बरेचदा दिसतं. जीपवाला लागत नाही.

उतरून पायथ्याचं जुनं शहर चांपानेर पाहिलं, मशिदी सुंदर आहेत, निवांत दिवस गेला.

संध्याकाळी बडोद्यात सेव उसळ खायला थांबलो. भाच्याने वही काढली. एका पानावर दोन वाफारे शेजारी शेजारी, दोघांनाही कडी. तो बराच वेळ बघत राहिला, मग उसळवाल्याला विचारलं, “काका, रबर मळशे?”