जळगावात बारा मजली ऑफिस इमारत : बोअरपासून भोगवट्यापर्यंत

जळगावात उंच इमारत म्हटली की आजही बोट महापालिकेच्या सतरा मजलीकडेच जाते. खासगी ऑफिस इमारतीची बोलणी मात्र हमखास काचेच्या एलिव्हेशनपासून सुरू होतात. मालकाच्या मोबाइलवर पुण्याच्या कुठल्यातरी इमारतीचा फोटो असतो आणि "असंच पाहिजे" एवढीच सूचना असते. मध्यवस्तीलगत तळमजल्यासह बारा मजल्यांचे काम करताना आम्ही क्रम उलटा लावला : आधी माती, मग मार्जिन (इमारतीभोवती सोडायची मोकळी जागा), मग मे महिना. काच सगळ्यांत शेवटी.

मातीपासून सांगतो. इथे ळ चा य होतो, त्यामुळे साइटवर सगळे 'कायी माती'च म्हणतात. ती पावसाळ्यात फुगते आणि उन्हाळ्यात हात जाईल एवढी फाटते. किती फुगते हे पाहण्याची चाचणी स्वस्त आहे. ४२५ मायक्रॉनच्या चाळणीतून काढलेली १०-१० ग्रॅम कोरडी माती दोन नळ्यांत घ्यायची, एकीत रॉकेल आणि दुसरीत पाणी घालून २४ तास ठेवायचे. रॉकेलमध्ये माती फुगत नाही, पाण्यात फुगते. फरक ५० टक्क्यांच्या वर गेला तर त्या मातीवर फरशीसुद्धा टेकवू नये, पाया तर दूरच. बेसमेंट घ्यायचेच असेल तर हा थर त्या खोदाईत आपोआप निघून जातो, म्हणून बेसमेंटचा खर्च सगळाच जादा धरू नये.

साधारण एक एकराच्या प्लॉटला चार कोपऱ्यांत चार आणि मध्ये एक अशी माती-खडक तपासायची पाच बोअर (खोल भोके) घ्यावीत. दोन बोअरवर भागवायचा आग्रह होतो, आणि गावभागात नेमका तोच अंगाशी येतो. जुन्या वाड्यांचे आड आणि विहिरी राडारोडा टाकून बुजवलेल्या असतात, त्यावर चार पिढ्या वावरलेल्या असतात. बोअर बाजूने गेले की आड सापडतच नाही, सापडतो तो खोदाईत. शेजारच्या म्हाताऱ्या माणसांना विचारणे हीदेखील भूगर्भ तपासणीच आहे.

आम्हाला काळ्या मातीखाली पिवळा मुरूम, त्याखाली मांजऱ्या (झिजलेला मऊ खडक) आणि मग काळा पाषाण असा क्रम लागला. पाषाण लागला म्हणून बोअर तिथेच थांबवू नये. लाव्हाच्या दोन थरांमध्ये कधी कधी लाल गेरूसारखा पट्टा असतो. कोरडा असताना तो टणक वाटतो, उघडा पडून पाणी लागले की लोण्यासारखा होतो. तो पायाच्या तळाखाली निघाला तर त्याच्या खाली जावे लागते. खोदाई पूर्ण झाल्याच्या दिवशीच पीसीसी (तळाचे बिनसळईचे काँक्रीट) ओतावी. तळ आठवडाभर उघडा ठेवू नये.

आता आकडे. कॉलमचे अंतर ८.४ मीटर घेतले, कारण अडीच मीटर रुंदीच्या तीन गाड्या दोन कॉलममध्ये नीट बसतात. एका कॉलमच्या वाट्याला सुमारे ७० चौरस मीटर येतात. मजल्याचे वजन चौरस मीटरला १.२ टन धरले आणि बेसमेंट व गच्ची मिळून १४ स्तर मोजले, तर एका कॉलमवर जवळपास १,१८५ टन येतात. खडकाची क्षमता चौरस मीटरला ६० टन मिळाली तर फुटिंग (कॉलमखालचा पाया) साडेचार मीटर चौरस पुरते. मुरुमावर २५ टनच मिळाले तर तेच फुटिंग सात मीटरच्या जवळ जाते, म्हणजे शेजारची फुटिंग्ज एकमेकांना भिडायला येतात. मग राफ्टच (सगळ्या कॉलमखाली एकच सलग पाया) करावा. हा निर्णय बोअरच्या अहवालावर होतो, ठेकेदाराच्या अंदाजावर नाही.

मार्जिनचे गणित बहुतेकांना उशिरा कळते. २०२० च्या एकत्रीकृत विकास नियंत्रण नियमावलीत, दाट वस्तीच्या बाहेर, बाजूचे आणि मागचे मार्जिन इमारतीच्या उंचीच्या एक पंचमांश सोडावे लागते. मजला ३.७५ मीटरचा धरला (बीमला ६० सेंटिमीटर, डक्ट-स्प्रिंकलर-दिव्यांना ४५, राहिले २.७०) तर १२ मजल्यांचे ४५ मीटर होतात आणि दोन्ही बाजूंना ९-९ मीटर जातात. ४० मीटर रुंद प्लॉटमध्ये इमारतीला उरले २२. मजला वाढवला की इमारत बारीक होते, पण जिने, लिफ्ट आणि शाफ्ट (पाइप-वायरींच्या उभ्या पोकळ्या) तेवढेच राहतात. त्यामुळे एका टप्प्यानंतर वरचा मजला विकण्याजोगी जागा देण्याऐवजी खातोच. एफएसआय (प्लॉटवर मंजूर होणारे एकूण बांधकाम) शिल्लक आहे म्हणून मजले चढवायचे नाहीत, हे मालकाला पटवायला कागदावर दोन पर्याय काढूनच दाखवावे लागतात.

लिफ्टचे गणित लिफ्ट विकणारा करून देतो. ते स्वतः एकदा तपासावे. ऑफिसला दहा चौरस मीटरमागे एक माणूस धरतात. वरच्या ११ मजल्यांवर ५५ प्रमाणे ६०५ माणसे झाली. त्यातली १२ टक्के, म्हणजे ७३, पाच मिनिटांत वर गेली पाहिजेत. १३ माणसांची लिफ्ट प्रत्यक्षात दहा जणांनी भरते, एक फेरी १३० सेकंदांची धरली तर पाच मिनिटांत २३ माणसे जातात. तीन लिफ्ट ६९ वर अडतात. चौथी म्हणून फायर लिफ्ट (आगीच्या वेळी अग्निशमन दलाने वापरायची) धरावी का? रोजच्या वापराला हरकत नाही, पण ती आठ माणसांपेक्षा लहान नको आणि तळापासून शेवटच्या मजल्यावर एका मिनिटात पोचली पाहिजे. वेग त्या हिशेबानेच मागवावा.

कागदपत्रांचे थोडक्यात. विमानतळ जवळ असल्याने उंचीचा दाखला आधी घ्यावा. तो समुद्रसपाटीपासूनच्या मीटरमध्ये असतो आणि त्यात पाण्याची टाकी, लिफ्टची खोली, वीजरोधकाचा दांडासुद्धा मोजला जातो. बांधकाम २०,००० चौरस मीटरला पोचले की पर्यावरण मंजुरी लागते. विक्री असेल तर महारेरा नोंदणीशिवाय जाहिरातही नको, आणि ग्राहकांकडून आलेल्या रकमेतले ७० टक्के वेगळ्या खात्यात ठेवावे लागतात. कामगार उपकर बांधकाम खर्चाच्या एक टक्का. महावितरणच्या ट्रान्सफॉर्मरची जागा पहिल्याच नकाशात दाखवावी, नाहीतर शेवटी ती पार्किंगमधूनच निघते.

मे महिन्याकडे येतो. 'उत्तरेला काच लावली की ऊन येत नाही' हे खानदेशात अर्धेच खरे आहे. जळगाव २१ अंश अक्षांशावर आहे. मेच्या अखेरीपासून जुलैच्या मध्यापर्यंत दुपारचा सूर्य किंचित उत्तरेला असतो, आणि सकाळ-संध्याकाळी तर उत्तरेची भिंत तिरप्या उन्हात असते. तिथे उथळ उभे फिन (भिंतीबाहेर काढलेल्या उभ्या पट्ट्या) पुरतात. दक्षिणेला आडवा छज्जा चालतो, डिसेंबरात दुपारचा सूर्य सुमारे ४५ अंशांवर येतो. पश्चिमेला छज्जाचा उपयोग नाही, कारण चार-पाच वाजता ऊन सरळ खिडकीत शिरते. आम्ही पश्चिमेला जिने, स्वच्छतागृहे आणि शाफ्ट टाकले, काच जवळपास ठेवलीच नाही. एसीचा भार तिथेच कमी झाला.

काँक्रीटला तर उन्हाळा वैरीच. ओतताना काँक्रीटचे तापमान ४० अंशांच्या वर जाऊ द्यायचे नाही. गाडी आली की थर्मामीटर लावायचा. 'गाडी तापली आहे' एवढे निरीक्षण पुरत नाही. खडीवर सावली आणि पाणी, मिक्सच्या पाण्यात बर्फ, आणि स्लॅब रात्री ओतायचा. वारा सुटला की दोन तासांत केसासारख्या चिरा पडतात. त्या थांबवायच्या असतील तर पॉलिश होताच ओले गोणपाट पसरावे, सकाळी आळे बांधून पाणी भरावे. कोरड्या-उष्ण हवेत दहा दिवस हा किमान आकडा आहे; राखमिश्रित सिमेंटला चौदा धरावेत. गवंडी पाच दिवसांत उरकू पाहतात, कारण टँकरचे पैसे कुणी द्यायचे हे करारात लिहिलेले नसते. लिहावे.

नदीची वाळू मिळणे बेभरवशाचे, म्हणून क्रश सँड (दगड फोडून केलेली वाळू) वापरली. १५० मायक्रॉनखालची भुकटी २० टक्क्यांपर्यंत चालते. ती वाढली की मजूर पाणी वाढवतात आणि काँक्रीटचे ठोकळे २८ दिवसांच्या ताकदीच्या चाचणीत नापास होतात.

भूकंपाच्या २०१६ च्या नकाशात हा भाग झोन तीनमध्ये आहे. म्हणून कॉलमच्या रिंगचा (उभ्या सळयांना वेढणाऱ्या कडीचा) हुक १३५ अंशांत वळवून आत घालायचा, शेपटी किमान ६५ मिलिमीटर. सळई बांधणाऱ्यांचा हात ९० अंशांवर बसलेला असतो. पहिल्याच कॉलमला उभे राहून बदलून घ्यावे लागते, पंधराव्याला कुणी ऐकत नाही.

जोता तपासणीचा दाखला घेतल्याशिवाय पुढे जाऊ नये. भोगवटा प्रमाणपत्राआधी अग्निशमनाचा पंप डिझेलवर चालवून सर्वांत वरच्या हायड्रंटला दाब मोजून पाहावा, नुसता विजेवर नाही. त्यानंतर दर जानेवारी आणि जुलैत परवानाधारक एजन्सीचा 'बी' नमुना (अग्निशमन यंत्रणा चालू स्थितीत असल्याचा दाखला) भरायचा असतो. इमारत सोसायटीच्या हाती गेली की हा कागद सगळ्यांत आधी विसरला जातो, म्हणून तो ताबा देतानाच्या यादीत पहिल्या क्रमांकावर ठेवला आहे.