आओगाशिमा: बोट सुटली म्हणजे पोचली असं नाही

दुपारचे साडेबारा वाजत आले होते. जपानच्या आओगाशिमा बेटावरच्या सान्पो बंदराचा धक्का इतका जवळ होता की वर उभ्या माणसांच्या हेल्मेटांचे रंग दिसत होते. चार-पाच जण दोरखंड घ्यायला तयार उभे होते. बोट पुढे सरकली, एका लाटेने तिला धक्क्याच्या वर उचललं आणि तसंच खाली सोडलं. कप्तानाने मागे घेतली. पुन्हा पुढे, पुन्हा मागे. तिसऱ्या खेपेनंतर लाउडस्पीकरवर अगदी शांत आवाजात घोषणा झाली. मावसबहीण म्हणाली, "ताई, काय म्हणाला गं?" मी सांगितलं, परत चाललोय. धक्क्यावरच्या माणसांनी दोरखंड गुंडाळायला घेतले होते.

तीन तास येताना, तीन तास जाताना, आणि संध्याकाळी आम्ही पुन्हा हाचिजोजिमालाच, म्हणजे जिथून ही बोट सुटते त्या बेटावर. हे असं होऊ शकतं हे निघायच्या आधी कुणीही सांगितलं नव्हतं. मी पाहिलेल्या प्रत्येक व्हिडिओत ड्रोनमधून दिसणारं हिरवंगार बेट होतं, ज्वालामुखीच्या आत ज्वालामुखी होता, आणि 'बोटीने तीन तास' एवढं एकच वाक्य. म्हणून हे लिहिते आहे.

आधी भूगोल, कारण सगळी अडचण तिथेच आहे. आओगाशिमा तोक्योच्या दक्षिणेला साधारण ३६० किलोमीटरवर आहे, तरी कागदोपत्री तोक्योचाच भाग. बेटावरच्या गाड्यांना शिनागावाच्या नंबरप्लेट असतात. लोकवस्ती १७०च्या आसपास, जपानमधली सगळ्यात कमी लोकांची ग्रामपंचायत हीच. क्षेत्रफळ सहा चौरस किलोमीटरही भरत नाही. म्हणजे समुद्रातून वर आलेलं ज्वालामुखीचं तोंड आणि सभोवती सरळ तुटलेले कडे. खाडी नाही, वाळूचा किनारा नाही, बोटीला आडोसा मिळेल अशी एकही जागा नाही. सान्पो बंदर म्हणजे कड्याला काँक्रीट फासून उघड्या पॅसिफिकमध्ये काढलेला धक्का. तिथे मासेमारीच्या बोटीसुद्धा पाण्यात ठेवत नाहीत. तारेच्या दोरावर टांगून उचलतात आणि उंचावर नेऊन ठेवतात. आपल्या कोकणात होड्या वाळूवर ओढून ठेवतात, तर इथे होडी आकाशातून जाते. हे पाहिलं की बंदर किती बेभरवशाचं आहे ते वेगळं सांगावं लागत नाही.

आता तो शब्द, जो मला महाग पडला: जोकेन-त्सुकी. म्हणजे अटीवर सुटणारी बोट. सकाळी तिकीट खिडकीशी हा शब्द लिहिलेला दिसला, तर अर्थ असा की बोट सुटेल, पण तिकडे लागेलच याची हमी नाही. मी नऊ वर्षं तोक्योत, निशी-कासाईत राहते, जपानी वाचते, तरी मला वाटलं की थोडा उशीर होईल एवढंच. फेरी सरळ रद्द झाली तर केक्को म्हणतात, आणि खरं सांगायचं तर केक्को परवडली. निदान पोटातलं पोटात राहतं. त्या दिवशी मावसबहिणीला जी बोट लागली ती शेवटपर्यंत. सह्याद्रीतले अवघड घाट न दमता चढणारी मुलगी, पण सहा तास गालिच्याच्या खोलीत डोळे मिटून पडून होती. गोळी बोट सुटायच्या अर्धा तास आधी घ्या. बोट हलायला लागल्यावर घेतलेली गोळी पोटात टिकत नाही.

दहापैकी पाच-सहाच फेऱ्या होतात असं हाचिजोत सगळेच सांगतात. आमच्या चार दिवसांत एकच बोट धक्क्याला लागली, आणि तेही मेच्या मध्यावर, हवा बरी असताना. हिवाळ्यात पश्चिमेचा वारा सुटला की दिवसच्या दिवस काही हलत नाही. हिवाळ्यात जाऊच नका.

हाचिजोपर्यंतचा प्रवास सोपा आहे, त्यावर जागा घालवत नाही. तोक्योच्या ताकेशिबा धक्क्यावरून रात्री साडेदहाला मोठी बोट निघते, मियाके आणि मिकुरा ही बेटं करत सकाळी नऊच्या सुमारास हाचिजोला. आओगाशिमाची छोटी बोट साडेनऊला सुटते. मेख एवढीच की हाचिजोला दोन बंदरं आहेत, सोकोदो आणि याएने, बेटाच्या दोन बाजूंना. कुठली बोट कुठे लागणार ते त्या सकाळी लाटा बघून ठरतं. मोठ्या बोटीवरच विचारून घ्या. दोन्ही बंदरं वेगळी निघाली तर टॅक्सी करा, चालत जाण्याचा विचार सोडा.

परतलो त्या संध्याकाळी दुसरा धक्का बसला, तो पैशाचा. हाचिजोत ज्या लॉजमध्ये नंतरच्या मुक्कामासाठी आम्ही साडेसहा हजार येनने खोली ठरवली होती, तीच खोली त्या रात्रीसाठी अकरा हजारांना सांगितली. जेवण नाही, काही नाही. कारण विचारलं तर म्हणे, आयत्या वेळचा दर. बोट परत आली की बंदरावर तीस-चाळीस माणसं एकदम खोली शोधतात हे त्यांना ठाऊक आहे. मी दिले, कारण बहीण उभी राहू शकत नव्हती. तुम्ही असं करा: आरक्षण करतानाच विचारा की बोट परतली तर जादा रात्रीचा दर काय, आणि उत्तर ईमेलवर लिहून घ्या. तोंडी मानू नका.

दुसऱ्या दिवशी केक्को. तिसऱ्या दिवशी हेलिकॉप्टर मिळालं. हाचिजोच्या विमानतळावरून दिवसाला एक फेरी, नऊ जागा, वीस मिनिटं. बोटीला तीन हजार येनच्या आसपास पडतात, याला माणशी दहा हजारांच्या वर. फुकट सामान फक्त पाच किलो. आरक्षण एक महिना आधी उघडतं आणि जागा भराभर जातात. आम्ही प्रतीक्षा यादीत नाव घातलं, रोज फोन केला, आणि दोन जागा सुटल्या. हे नशीब होतं, त्यावर बेत आखू नका. आणि हेलिकॉप्टर म्हणजे खात्री असंही समजू नका. गाव उंचावर आहे, धुकं उतरलं की उडत नाही. जूनच्या पावसाळ्यात बोट लागते पण हेलिकॉप्टर नाही, असेही दिवस येतात.

माझं स्पष्ट मत: जाताना बोट, येताना हेलिकॉप्टर असं आरक्षण करा आणि मागे दोन मोकळे दिवस ठेवा. एकूण सहा दिवसांची रजा नसेल तर जाऊ नका. एका दिवसात जाऊन यायचंच असेल तर सकाळच्या हेलिकॉप्टरने जा आणि पाऊण वाजताच्या बोटीने परत या, हातात जेमतेम तीन तास मिळतात. नुसत्या बोटीने तर पंधरा मिनिटंच, कारण माल उतरवला, माणसं घेतली की ती लगेच परत फिरते.

पोचल्यावर काय? पोचल्यावर मी रस्त्याच्या कडेला बसून रडले. मग सकाळभर चाललो.

ओतोन्बू म्हणजे ४२३ मीटरचा, बेटावरचा सगळ्यात उंच कडा. रस्त्यापासून पंधरा मिनिटांची चढण, धापही लागत नाही. वर पोचलं की एका बाजूला समुद्र आणि दुसऱ्या बाजूला पायाखाली ज्वालामुखीची सगळी वाटी: इकेनोसावा, दीड किलोमीटरहून रुंद, आणि तिच्या मधोमध मारुयामा नावाची टेकडी, ओळींनी केलेल्या लागवडीमुळे हिरवे पट्टे असलेली. ड्रोनशिवाय, स्वतःच्या डोळ्यांनी. वारा कानात घोंघावत होता आणि बहीण काहीच बोलत नव्हती. त्या क्षणी अकरा हजारही आठवले नाहीत.

ती सुबक टेकडी १७८५च्या उद्रेकात तयार झाली. त्याआधी काही वर्षं भूकंप, तळ्यांचं पाणी तापणं, छोटे उद्रेक चालू होतेच. १७८५ला वाटीच फुटली. बेटावर तेव्हा ३२७ माणसं होती. हाचिजोहून सुटकेसाठी बोटी आल्या, पण सगळ्यांना घेता आलं नाही. १३० ते १४० माणसं मागे राहिली आणि गेली. हे मी आधी वाचलं होतं. पण ज्या धक्क्यावर इंजिनाच्या जोरावर तीन खेपा करूनही आजची लोखंडी बोट लागू शकली नाही, त्याच पाण्यात वल्ह्यांच्या आणि शिडांच्या बोटी, वरून राख पडते आहे, हे डोळ्यांसमोर यायला मला ते परतीचे तीन तास लागले.

जे वाचले ते हाचिजोत निर्वासित म्हणून राहिले. हाचिजोला परकी माणसं नवी नव्हती. सेकिगाहाराच्या लढाईत हरलेला सरदार उकिता हिदेइए १६०६ साली हद्दपार करून तिथेच धाडला गेला आणि १६५५ला तिथेच मेला. पण आओगाशिमाच्या लोकांना परत जायचं होतं. सत्तर किलोमीटर अंतर, मध्ये कुरोशिओचा जोरदार प्रवाह. बोटी निघायच्या आणि भरकटायच्या. काही थेट मुख्य बेटाच्या 'कीई' प्रांतात, आजच्या वाकायामाच्या बाजूला, जाऊन लागल्या. माणसं मेली, धान्य बुडालं. शेवटी सासाकी जिरोदायू या गावप्रमुखाने नेट लावला आणि १८२४ला लोक परत बेटावर आले. शेती लागून गाव पूर्ववत झालं असं मानलं गेलं ते १८३५ला. पन्नास वर्षं. या परत येऊन राहण्याला ते लोक 'कान्जू' म्हणतात, आणि इथल्या आधीच्या एका बोटीचं नाव कान्जू-मारू होतं. खानावळीच्या मावशींनी हे सांगितलं तेव्हा त्या भात वाढत होत्या आणि 'आम्ही परत आलो' असंच म्हणाल्या, 'ते परत आले' असं नाही.

दुसऱ्या महायुद्धानंतरही हा लांबपणा संपला नव्हता. राष्ट्रीय निवडणुकीत आओगाशिमाच्या लोकांना पहिल्यांदा मत देता आलं ते १९५६ साली.

आता कामाच्या गोष्टी, जशा आठवतील तशा.

बंदरापासून गावापर्यंत चालत जाऊ नका, जरी तुम्ही चालणारे असलात तरी. बोगदा, मग वाटीचा तळ, मग कड्यावर चढणारा वळणावळणाचा डांबरी रस्ता. तो आम्ही एका दुपारी पाठीवर पिशव्या नसताना चढलो आणि तरीही कंटाळलो. सामानासकट, बोटीत अर्धमेले होऊन उतरल्यावर, अजिबात नको. खानावळीवाले गाडी घेऊन बंदरावर येतात, आधी सांगा. टॅक्सी आणि बस नाहीत.

खोली पक्की केल्याशिवाय बोटीत बसू नका. मिन्शुकू, म्हणजे घरगुती खानावळी, मोजक्याच आहेत. तिथे तीन वेळचं जेवण मिळतं, कारण दुपारी जेवायला दुसरी जागा नाही. गावात दुकान एक, एटीएम फक्त पोस्टात. तंबू लावायचा तर वाटीतल्या जागेसाठी ग्रामपंचायतीची परवानगी निघायच्या आधी घ्या.

शाकाहारी मंडळींनो, जेवणात मासे असतातच आणि सूपही माशाचंच असतं. अशिताबा नावाची पालेभाजी इथे रानासारखी माजते, तिची भजी कुरकुरीत आणि किंचित कडू लागतात. मी भात, भजी आणि सोबत नेलेल्या मेतकुटावर दोन दिवस काढले. मेतकूट पाच किलोंत बसतं.

वाटीत जमिनीतून वाफ येते, त्या जागांना हिन्ग्या म्हणतात. सार्वजनिक सौनाच्या बाहेर वाफेची भांडी कुणालाही वापरता येतात. दुकानातून रताळी आणि अंडी घेऊन जा, झाकण लावा, अर्ध्या तासाने काढा. झाकण उघडताना चेहरा बाजूला ठेवा, माझा चष्मा पांढरा झाला आणि मनगट भाजलं. त्याच वाफेवर समुद्राचं पाणी आटवून मीठ करतात. रताळ्यावर तेच घातलं. मला बेटावरचं दुसरं काही आणायला जमलं नाही तरी चाललं असतं, ते मीठ आणलं.

बेटावर एकच सिग्नल आहे, शाळेजवळ. वाहतुकीसाठी त्याची गरज नाही. इथे हायस्कूल नसल्याने मुलं पंधराव्या वर्षी बाहेर पडतात, त्याआधी त्यांना सिग्नल कळावा म्हणून तो लावला आहे. मी बटण दाबून हिरव्याची वाट पाहिली आणि रस्ता ओलांडला. गाडी एकही नव्हती.

परतीच्या सकाळी ग्रामपंचायतीच्या लाउडस्पीकरवर बोटीचं कळलं. निघाली आहे, अटीवर नाही. पावणेबाराला मावशींनी गाडी काढली. धक्क्यावर आता आम्ही वरच्या बाजूला उभ्या होतो. बोट पहिल्याच खेपेला लागली, दोरखंड फेकले गेले, क्रेनने डबे उतरवायला सुरुवात झाली. फळीवर पाय टाकताना खलाशाने दंड धरला आणि लाट खाली बसेपर्यंत सोडला नाही. तो धरेल तेव्हा हात सोडवून घेऊ नका, आणि तो "आता" म्हणाला की लगेच पाऊल टाका, थांबायचं नाही.