खपून गेलेली माणसे

इंग्रजीतील 'पासिंग' या शब्दाला मराठीत मला सर्वांत जवळचा वाटतो तो 'खपून जाणे' हा शब्दप्रयोग. अमेरिकेतील उजळ कातडीच्या कित्येक कृष्णवंशीय माणसांनी नोकरीसाठी, घरासाठी, क्वचित जीव वाचवण्यासाठीही गोरे म्हणून खपून जाणे पत्करले आणि त्यापायी सख्ख्या भावंडांना ओळख देणे सोडले.

ब्रिटिश अभिनेत्री रिबेका हॉल हिच्या आजोबांनी हेच केले होते. तिचे वडील पीटर हॉल इंग्लंडमधले नामवंत नाट्यदिग्दर्शक, तर आई मारिया युइंग ही डेट्रॉइटची ऑपेरा गायिका; पण आईच्या माहेरचा विषय निघाला की घरात उत्तरे धूसर होत. विशीत असताना हॉलच्या हाती नेला लार्सनची १९२९ची 'पासिंग' ही कादंबरी पडली. तिने लगोलग पटकथा लिहिली, मात्र चित्रपट पडद्यावर यायला २०२१ साल उजाडले. हॉल स्वतः त्यात कुठेही दिसत नाही, आणि मला तेच योग्य वाटते: आयरीन आणि क्लेअर या दोन मैत्रिणी टेसा थॉम्प्सन व रूथ नेगा यांनी साकारल्या आहेत. चित्रपट कृष्णधवल आहे, चौकटही जुन्या चित्रपटांसारखी अरुंद. गंमत अशी की कृष्णधवल पडद्यावर निखळ काळे किंवा पांढरे असे कोणीच नसते, नुसत्या करड्या छटा असतात. त्यामुळे गोरी म्हणून खपून गेलेल्या क्लेअरचा वर्णद्वेष्टा नवरा जसा फसतो, तसाच चेहऱ्यावरून वंश ओळखू पाहणारा प्रेक्षकही फसतो.

मी इंदूरची, रामबागेतली. शिक्षणासाठी पुण्याला गेले तेव्हा पहिल्याच आठवड्यात 'मी जेवून राहिले आहे' असे म्हणाले आणि वसतिगृहातल्या मुली पोट धरून हसल्या. दोन महिन्यांत मी ती बोली जिभेवरून खरवडून काढली, आणि कोणी गाव विचारले तर सहा पिढ्यांपूर्वी सुटलेले सातारा सांगू लागले. आईचा फोन आला की मुलींच्या देखत तिच्याशीही पुस्तकी बोलायची. ती एकदा म्हणाली, "अगं, परक्यासारखी काय बोलून राहिली?" अर्थात ही तुलना ताणण्यात अर्थ नाही, माझे बिंग फुटले असते तर फार तर हसू झाले असते, क्लेअरच्या ते जिवावर बेतले.

मागच्या दिवाळीत मी हा चित्रपट आईला दाखवला, संवाद मराठीत सांगत सांगत, आमच्या इंदुरी मराठीत. क्लेअरला एक मुलगी आहे, ती दूर शाळेत असते, एवढा उल्लेख येऊन जातो. आईने तिथेच थांबवायला सांगितले.

"त्या पोरीला कोणी सांगितलं का मग?"


"नाही," मी म्हणाले.