हरिश्चंद्रगडावर चांदीच्या भरवशावर

डिसेंबरमध्ये आम्ही दोघे खिरेश्वरहून टोलार खिंडीमार्गे हरिश्चंद्रगडावर चढलो, दोन रात्री वर राहिलो आणि तिसऱ्या दिवशी पाचनईला उतरलो. या वेळी पाठीवरच्या सॅकमध्ये दोन नव्या वस्तू होत्या: चांदीचा थर दिलेला पॉलिएस्टरचा टी-शर्ट आणि पाण्यात टाकायच्या चांदीच्या गोळ्या.

टी-शर्टने पहिला दिवस निभावला. दुसऱ्या दिवशी कोकणकड्यावरून परतेपर्यंत मात्र सॅकच्या पट्ट्यांखाली वास येऊ लागला. ओल मिळाली की कापडातून चांदीचे आयन, म्हणजे विद्युतभारित कण, सुटतात आणि वास निर्माण करणाऱ्या जिवाणूंना रोखतात, परंतु घामातले क्लोराइड त्याच आयनांना बांधून टाकते, आणि पॉलिएस्टर तेलकट घाम धरून ठेवते ते वेगळेच. शिवाय वरून दिलेला थर दर धुण्याला थोडा थोडा निघून जातो. चांदी धाग्यातच मिसळलेली असेल, तर ती अधिक टिकते. असा कपडा घेतल्यास ब्लीच टाळावे आणि बदलण्यासाठी एक लोकरी बनियन जवळ ठेवावे. मला तेच उपयोगी पडले.

खरा घोळ पाण्यात होता. देवळाजवळच्या टाक्यातले पाणी नितळ दिसले, म्हणून सोबत्याने थेट बाटली भरून त्यात चांदीची गोळी टाकली. वेष्टन नीट वाचल्यावर कळले, की ती गोळी आधीच शुद्ध असलेले पाणी सहा महिन्यांपर्यंत टिकवण्यासाठी आहे. (माठात चांदीचे नाणे टाकणारी माझी आजीही हीच गल्लत करत असे.) चांदी सावकाश काम करते आणि जिआर्डियासारख्या परजीवींवर तिचा भरवसा धरता येत नाही. क्लोरीन आणि चांदी एकत्र असलेल्या गोळीत मारण्याचे काम क्लोरीन करते: जिवाणू व विषाणूंसाठी अर्धा तास, जिआर्डियासाठी दोन तास, आणि पाणी थंडगार असेल तर त्याहून अधिक. क्रिप्टोस्पोरिडियम हा दुसरा परजीवी तेवढ्या क्लोरीनलाही दाद देत नाही, म्हणून आम्ही ती बाटली ओतून दिली आणि पुढे पाणी फडक्याने गाळून, खळखळून उकळूनच प्यायलो.

मात्रेत उदार होऊ नये. जागतिक आरोग्य संघटनेच्या मते लिटरमागे 0.1 मिलिग्रॅमपर्यंत चांदी चालते. तसेच चांदी असलेले कपडे टाक्यात किंवा पुष्करणीत धुऊ नयेत, कारण सुटणारी चांदी पाण्यातल्या जीवांनाही मारक असते.