तारखेनुसार ‘ड्रॅक्युला’: माझी वाचनवही

ब्रॅम स्टोकरची ही कादंबरी १८९७ची. सगळी डायऱ्या, पत्रं, तारा आणि कात्रणांनी बांधलेली. पहिली नोंद ३ मेची, शेवटची ६ नोव्हेंबरची. यंदा ठरवलं, ज्या तारखेची नोंद त्याच तारखेला वाचायची.

३ मे. काउंट ड्रॅक्युलाच्या गडाकडे निघालेला तरुण वकील हार्कर ट्रान्सिल्व्हेनियातल्या बिस्ट्रिट्झला पोचला. पाप्रिका घातलेल्या कोंबडीची कृती मिनासाठी, म्हणजे त्याच्या वाग्दत्त वधूसाठी, घ्यायची, असं त्याने टिपून ठेवलंय. आधीच्या तिन्ही वाचनांत हे निसटलं होतं. परत जाऊन ती कृती द्यायची, एवढंच त्याच्या मनात आहे!

१९ मे. काउंटने त्याच्याकडून तीन पत्रं लिहून घेतली. तारखा मात्र १२, १९ आणि २९ जून. आपल्या हातात किती दिवस उरलेत ते हार्करला कळलं. एरवी मी झरझर पानं उलटली असती. आता त्याची पुढची नोंद उद्या नाही, परवाही नाही.

२४ मे. मिनाची मैत्रीण ल्यूसी, तिला एकाच दिवसात तिघांनी लग्नाची मागणी घातली. पुस्तकात हे पत्र गडाचा भाग संपल्यावर येतं, म्हणून मोकळं वाटतं. तारखेने वाचताना हार्कर अजून आतच कोंडलेला असतो, आणि तिचा आनंद वाचवत नाही.

२४ जुलै. आजचा दिवस सगळ्यात भारी गेला. मिना इंग्लंडच्या किनाऱ्यावरच्या व्हिटबीला उतरली, ल्यूसी तिला न्यायला स्टेशनवर आली. त्याच तारखेला ‘डिमीटर’ जहाजाच्या कप्तानाने लिहिलंय की आणखी एक माणूस नाहीसा झाला. काउंटला घेऊन ते जहाज या मुली आहेत त्याच गावाकडे निघालंय आणि त्यांना पत्ता नाही. १८८५मध्ये ‘दिमित्री’ नावाचं रशियन जहाज खरंच व्हिटबीला किनाऱ्यावर आपटलं होतं. १८९०मध्ये स्टोकर तिथे राहिला, तेव्हा त्याने त्याची टिपणं काढली. काउंटची स्वतःची डायरी आपल्याला कुठेच मिळत नाही. मला वाटतं, सव्वाशे वर्षांनंतरही तो धाक धरून आहे तो यामुळेच: तो कायम दोन नोंदींच्या मधल्या जागेत असतो.

३ ऑक्टोबर. काउंटने त्याच्याविरुद्ध जमवलेली हस्तलिखितं आणि डॉक्टर सीवर्डने ज्यांत आपली डायरी बोलून ठेवली होती त्या फोनोग्राफच्या नळ्या जाळून टाकल्या. वाचली ती तिजोरीतली प्रत. मिनाने सगळं टंकून त्याच्या तीन प्रती काढल्या होत्या, म्हणून! आजच्या नोंदी इतक्या लांब आहेत की रात्री दोन वाजले, तरी पंधरा पानं उरलीत.