नवा सुती सदरा १९३० चा करताना

मे १९३० मध्ये सोलापुरात मार्शल लॉ लागला, त्या काळातल्या गिरणी कामगारांचे कपडे आम्हाला मालिकेसाठी करायचे होते. युनिफॉर्म शिवणारं गाव असल्यानं कापड इथंच मिळतं, पण त्यात टेरिकॉट, म्हणजे पॉलिस्टर मिसळलेलं सुती कापड, फार. म्हणून मी प्रत्येक ठाणाचा धागा ओढून जाळून बघते. सुताची मऊ राख होते, जळक्या कागदाचा वास येतो. पॉलिस्टर असेल तर टोकाला कडक मणी धरतो. ते ठाण परत. त्यावर चहाचा रंग नीट चढत नाही.

बेतण्याआधी कापड गरम पाण्यात धुऊन खळ काढावीच लागते. नाहीतर रंग डागाडागांनी चढतो, आणि शिवल्यावर धुतलं तर बाह्या मनगटाच्या वर जातात.

पांढराशुभ्र सदरा लाइटखाली भगभगतो, नटाचा चेहरा त्यापुढे काळवंडतो. १० लिटर पाण्यात ५० ग्रॅम चहा पावडर १५ मिनिटं उकळून गाळायची, मूठभर मीठ टाकायचं, सदरा ओला करूनच सोडायचा आणि हलवत राहायचं. भांडं स्टीलचं हवं. गंजक्या लोखंडी बादलीत चहा काळपट पडतो, ते डाग जात नाहीत. ओलं कापड गडद दिसतं, म्हणून आधी एक चिंधी वाळवून छटा ठरवायची.

खरी मेहनत झिजवण्यात आहे. माणूस जिथं घासला जातो तिथंच कपडा विरतो: गळपट्टी, कोपर, खिशाची कड, विणायच्या मागाला टेकणारा पोटावरचा भाग. तिथं १२० नंबरचा पॉलिश पेपर हलक्या हातानं फिरवायचा. ओल्या खिशात दगड घालून सदरा टांगला की खिसा लोंबतो. सगळीकडे सारखा मळवलेला सदरा मला बघवत नाही, तो भाड्यानं आणलेला वाटतो. धूळ म्हणून मुलतानी माती आणि किंचित कोळशाची पूड, तेल अजिबात नाही, ते धुताना पसरतं. खांद्यावर मात्र तूस, म्हणजे मागावरून उडणारे सुताचे बारीक तंतू, हवंच. सोलापूरच्या पूर्व भागातल्या मागांखाली ते हवं तेवढं मिळतं.

कथेत गोळीबार होतो, पण त्यानंतरचा सीन बऱ्याचदा आधी शूट होतो. म्हणून मुख्य पात्राचे एकाच ठाणातले तीन सदरे लागतात: स्वच्छ, मळका, फाटका. प्रत्येकाला पात्राचं नाव, कथेतला दिवस आणि चेंज नंबर (पात्राचा कितवा पोशाख) लिहिलेली चिठ्ठी. सीन संपला की नट कपडे बदलायच्या आत समोरून, मागून आणि बाहीच्या घडीचा जवळून फोटो घ्यायचा; कॉन्टिन्युइटी, म्हणजे एका शॉटमधून दुसऱ्यात सगळं सारखं दिसणं, सगळ्यात जास्त तुटते ती बाही किती वेळा दुमडली होती यावरच.